मुंबईची हाफ मॅरेथॉन: साताऱ्याहून जाऊन दोनदा धावले, त्याबद्दल सविस्तर

आधीच सांगते, स्वतःचं बेस्ट टायमिंग काढायचं म्हणून कुणी जाणार असेल तर त्याने मुंबईची हाफ सोडून दुसरी कुठलीतरी धरावी. पण आयुष्यात एकदाच हाफ धावणार असाल तर हीच धावा. मी 2024 ला आणि 2025 ला अशी दोनदा धावले, दोन्ही वेळा साताऱ्याहून गेले, आणि आमच्या ग्रुपमधल्या बायका सारख्या विचारतात की ताई एवढ्या लांब जाऊन, एवढे पैसे घालून, रात्रभर जागून खरंच काही हाती लागतं का, म्हणून एकदाच सगळं लिहून टाकते.

ज्यांना काहीच माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. ही शर्यत 2004 ला सुरू झाली, तेव्हा नाव स्टॅंडर्ड चार्टर्डचं होतं, 2018 पासून टाटा मुंबई मॅरेथॉन. दरवर्षी जानेवारीचा तिसरा रविवार. कोविडमुळे 2021 आणि 2022 चा जानेवारी सुना गेला, म्हणून 2025 ला विसावी झाली. पूर्ण मॅरेथॉन 42.195 किलोमीटरची, आपली हाफ त्याच्या निम्मी म्हणजे 21 किलोमीटर आणि वर शंभरेक मीटर (ते शंभर मीटर शेवटी फार छळतात, खरंच), शिवाय दहा किलोमीटर, ड्रीम रन म्हणजे हौसेने धावणाऱ्यांची छोटी, ज्येष्ठांची वेगळी, दिव्यांगांची वेगळी. हाफ पहाटे पाचच्या सुमाराला माहीमच्या रेतीबंदरावरून सुटते आणि सीएसएमटी-आझाद मैदानाच्या भागात संपते. म्हणजे जिथून निघालो तिथेच गोल फिरून परत यायचं असा प्रकार नाही, उत्तरेकडून दक्षिणेकडे अख्खी मुंबई पायाखालून जाते, आणि मला सगळ्यात जास्त आवडलेली गोष्ट हीच.

नोंदणी पावसाळ्यातच करून टाकायची, दिवाळीनंतर बघू म्हणणारे राहतात. बिब, म्हणजे छातीवर लावायचा नंबर, बीकेसीला (वांद्रे-कुर्ला संकुलात) एक्स्पोमध्ये जाऊन घ्यावं लागतं, स्वतः जायचं, ओळखपत्र दाखवायचं. बाहेरगावच्या माणसाला इथे एक दिवस जास्तीचा धरावाच लागतो. पहिल्या वर्षी मी शनिवारी सकाळच्या ट्रॅव्हल्सने निघाले, ती गाडी वाटेत बंद पडली, दुसरी गाडी यायला अडीच तास, मला बीकेसीत पोचेपर्यंत संध्याकाळ झाली होती आणि पोटात गोळा आला होता की आता बंद झालं असेल तर काय. मिळालं बिब, पण दिवसभर उन्हात उभं राहून पाय भरून आले ते आलेच, आणि दुसऱ्या दिवशी धावायचं. त्यामुळे दुसऱ्या वर्षी शुक्रवारीच गेले. ज्यांना शक्य आहे त्यांनी शुक्रवारीच जा, शनिवारी नुसतं पडून राहा, गाद्या-खुर्च्या सोडू नका.

मी गिरगावात मावशीकडे उतरते. मावशी सत्तरीची आहे, चाळीत राहते, आणि तिने आयुष्यात कधी रनिंग शूज घातलेले नाहीत, पण शर्यतीच्या आदल्या रात्री तिची तयारी माझ्यापेक्षा जास्त असते. आठ वाजताच वरणभात, त्यावर तूप, एक केळं, आणि "आता झोप, फोन इकडे दे". फोन खरंच काढून घेते. अडीचला उठवते. अडीचला उठून चहा आणि दोन पाव जॅम, बस. मग साडेतीनला काळीपिवळी. विरार, कल्याण, पनवेलकडच्या लोकांसाठी दोन्ही रेल्वे त्या दिवशी पहाटेच्या स्पेशल लोकल सोडतात, ते फार उपयोगी आहे, पण गिरगावातून उलट्या दिशेने माहीमला जायचं तर टॅक्सीच बरी, रस्ते रिकामे असतात, वीस-पंचवीस मिनिटांत पोचतो. रस्ते पुढे बंद होत जातात म्हणून चारच्या आत माहीमला उतरलेलं चांगलं.

रेतीबंदरला उतरलं की पहिल्यांदा वास येतो. खाडीचा, ओल्या रेतीचा, सुकटीचा. साताऱ्यातून आलेल्या माणसाला तो एकदम जाणवतो. आणि दुसरं म्हणजे हवा. आम्ही जानेवारीत पहाटे साताऱ्याच्या पोवई नाक्यावर जमतो तेव्हा तोंडातून वाफ निघते, पहिले दोन किलोमीटर स्वेटर काढवत नाही. इथे नुसतं उभं राहून मानेवर घाम. पारा बघितला तर सतरा-अठरा, म्हणजे वाचायला छान, पण दमट एवढं की अंगावरचा घाम वाळतच नाही, आणि घाम वाळला नाही की अंग थंड होत नाही, हृदयाचे ठोके त्याच वेगाला दहा-बारा जास्त पडतात. हे मला 2024 ला कुणी समजावून सांगितलं असतं तर फार बरं झालं असतं. मी आपली साताऱ्याच्या हिशोबाने निघाले. यवतेश्वरचा घाट चढणारी बाई, आमच्या सातारा हिल मॅरेथॉनला तो अख्खा घाट चढून उतरतो, तर मुंबईत काय चढ असणार, सपाट रस्ता, सव्वादोन तासात होईल. असा हिशोब होता.

तर सुरुवात. सेक्शनप्रमाणे उभं करतात, आधीच्या शर्यतीच्या टायमिंगवरून पुढचा-मागचा सेक्शन मिळतो, त्यामुळे नोंदणी करताना आधीचं सर्टिफिकेट जोडायचं विसरू नका, मागच्या सेक्शनला पडलात तर पहिले तीन किलोमीटर गर्दीतून वाट काढण्यात जातात. बिबला चिप असते, आपली वेळ आपण रेघ ओलांडली की सुरू, त्यामुळे पुढे घुसायची गरज नाही. राष्ट्रगीत होतं. काळोखात हजारो माणसं एकदम उभी राहून राष्ट्रगीत म्हणतात आणि मागून समुद्राचा आवाज येतो, तेव्हा मला दोन्ही वर्षी भरून आलं.

माहीम कॉजवेवरून वांद्र्याकडे आणि मग सी लिंक. आता ह्याबद्दल जरा जास्त लिहिणार आहे.

वांद्रे-वरळी सी लिंक 2009 ला सुरू झाला, साडेपाच किलोमीटरच्या वर लांबी, आणि एरवी त्यावर चालत माणूस जाऊ शकत नाही, दुचाकीसुद्धा नाही. म्हणजे ज्या मुंबईकराकडे गाडी नाही त्याने तो पूल आयुष्यभर दादरच्या चौपाटीवरून नाहीतर वरळीच्या बाजूने लांबूनच बघायचा. वर्षातून एक पहाट तो पायी माणसासाठी उघडतो. मी पहिल्यांदा त्यावर पाय ठेवला तेव्हा टोलनाक्याचे बूथ सगळे रिकामे, वरचे दिवे चालू, आणि आम्ही त्यातून धावत चाललोय. माझ्या पुढे एक बाई होती, पन्नाशीची असेल, पंजाबी ड्रेसवर बूट घातलेली, ती टोलनाक्यातून जाताना मोठ्याने म्हणाली, "बघा, फुकट!" आणि आजूबाजूचे सगळे हसले.

पुलावर शिरलं की आवाज बदलतो. हॉर्न नाही, इंजिन नाही, मुंबईत असून गाडीचा एकही आवाज नाही, नुसते बूट. हजारो बुटांचा एक सारखा सप-सप-सप आवाज, पाऊस पत्र्यावर लांबून ऐकल्यासारखा. मधे मधे पुलाच्या जोडाच्या लोखंडी पट्ट्या येतात, त्यावरून माणसं गेली की खणखण होतं, म्हणजे पुढच्या पट्टीवर खणखण झालं की आपल्याला कळतं आता आपलीही येणार, पाय जपून टाकायचा. (खरंच जपून टाका, पट्टी दवाने ओली असते, माझ्यासमोर एकाचा पाय सरकला.) उजव्या हाताला काळाकुट्ट अरबी समुद्र, काही दिसत नाही, फक्त वारा लागतो आणि बोटींचे एक-दोन दिवे. डाव्या हाताला माहीमची खाडी आणि पलीकडे दादर-प्रभादेवीच्या इमारतींचे दिवे. आणि समोर ते मोठे मनोरे, तारा ताणलेले, लांबून सुबक वाटतात पण खालून मान वर केली तर सव्वाशे मीटर उंच आहेत, त्यांच्या खालून जाताना आपण मुंगीएवढे. रस्ता मनोऱ्यापर्यंत अगदी हळू वर चढतो, डोळ्यांना दिसत नाही, पोटऱ्यांना कळतं. इथेच बहुतेक जण चुकतात. उत्साह असतो, गर्दी मोकळी झालेली असते, वारा लागत असतो त्यामुळे घाम जाणवत नाही, आणि माणूस ठरवलेल्यापेक्षा वीस-पंचवीस सेकंदांनी जोरात पळतो. मी पळाले. 2024 ला सी लिंक मी माझ्या आयुष्यातला सगळ्यात जोरात पळालेला तुकडा असेल, आणि त्याची किंमत पुढे मोजली.

सी लिंकबद्दल एक तक्रार आहे, आणि ती आपल्याच लोकांबद्दल आहे. फोटो काढा, मीही काढला, पण मधोमध एकदम थांबून सेल्फी काढू नका हो. मागून माणसं येत असतात, अंधार असतो. कठड्याकडे जा, हात वर करा, मग थांबा. तसंच पाण्याचं. बाटली घ्यायची, दोन घोट प्यायचे आणि भरलेली बाटली रस्त्यावर टाकायची. ती पायाखाली आली की घोटा गेलाच. आणि तेवढं पाणी वाया. आमच्या माण-खटावात अजून उन्हाळ्यात टॅंकरची वाट बघणारी गावं आहेत, मला ती रस्त्यावर लोळणारी भरलेली बाटली बघवत नाही. बाटली हातात धरून एक किलोमीटर धावता येतं, काही वजन होत नाही.

वरळीला उतरलं की पहिल्यांदा माणसं दिसतात. तोपर्यंत सहा-सव्वासहा झालेले असतात, अजून अंधारच, पण वरळी सीफेसला लोक नाईट ड्रेसवर, शाली गुंडाळून, लहान पोरांना कडेवर घेऊन उभे. बॅंड असतो, कुठे ढोल-ताशा, कुठे लेझीम. मग हाजीअली. हाजीअलीला समुद्रातला दर्गा दिव्यांनी उजळलेला दिसतो, आणि तिथून पुढे वळलं की पेडर रोड.

पेडर रोडबद्दल सगळे रनर बोलतात. उंची म्हणाल तर साताऱ्याच्या माणसाने हसावं एवढी. यवतेश्वरच्या घाटाचं एक वळणसुद्धा त्याच्यापेक्षा मोठं. पण तो चढ कुठे येतो ते महत्त्वाचं. दोन तृतीयांश अंतर संपलेलं असतं, अंगातलं मीठ घामातून गेलेलं असतं, आणि मग तो चढ सुरू होतो, जसलोक हॉस्पिटलपर्यंत आणि मग केम्प्स कॉर्नरच्या फ्लायओव्हरपर्यंत, संपला संपला म्हणेपर्यंत परत थोडा. घाटात कसं, आधी चढ मग उतार, पाय ताजे असताना चढतो. इथे उलटं. 2024 ला मला बरोबर त्या चढावर डाव्या पोटरीत गोळा आला. असा गोळा की पाय टेकवेना. आधीच्या दोन पाण्याच्या टेबलांवर मी थांबले नव्हते, तहानच लागली नाही म्हणून, आणि ती माझीच चूक.

मी कडेला गेले, कठडा धरून उभी राहिले. तिथे एक मुलगा उभा होता, आठवी-नववीतला असेल, त्याच्या हातात स्टीलची वाटी, वाटीत जाडं मीठ. नुसतं मीठ. बाकीचे लोक संत्र्याच्या फोडी, बिस्किटं, चिक्की, खजूर घेऊन उभे होते आणि हा मीठ घेऊन. मला म्हणाला, "काकू, हात करा." तळहातावर चिमूटभर ठेवलं, म्हणाला, "जिभेवर ठेवा, वरून पाणी प्या, आणि पंजा आपल्याकडे ओढा." त्याचे वडील मागे उभे होते, त्यांनी पाणी दिलं. दोन मिनिटांत गोळा सुटला. तोपर्यंत तो पोरगा दुसऱ्याच्या हातावर मीठ ठेवत होता, मी थॅंक्यू म्हटलेलं त्याला ऐकूसुद्धा गेलं नसेल. शिकवलेलं असणार त्याला कुणीतरी, घरात कुणी धावणारं असणार. मी त्या वर्षी ठरवलं की पुढच्या वेळी त्याच्यासाठी काहीतरी घेऊन जायचं, 2025 ला कंदी पेढ्याची छोटी पुडी कमरेच्या पाऊचमध्ये घेऊन धावले, अख्खा पेडर रोड कडेकडेने बघत चढले, पण दिसला नाही. पुडी मग मावशीने खाल्ली.

पेडर रोडच्या लोकांना मनापासून मानते मी. रविवारी सकाळी साडेसहा-सातला घराबाहेर पडून अनोळखी माणसांना संत्र्याच्या फोडी वाटायच्या, बिया काढून, हे काही कुणी सांगून करत नाही. बाया जोरात "चलो चलो, बस हो गया, अब ढलान है" म्हणत होत्या. गुजरातीत, हिंदीत, इंग्रजीत, मराठीत. बिबवर नाव छापलेलं असतं ना, ते वाचून नावाने हाक मारतात. दमलेल्या माणसाला अनोळखी तोंडातून आपलं नाव ऐकू आलं की पाय आपोआप उचलतो, हे ज्याने अनुभवलंय त्यालाच कळेल.

केम्प्स कॉर्नरवरून उतार लागतो. उतारावर मोकाट सुटू नका, गुडघ्यावर येतं, छोटी पावलं टाका. खाली बाबुलनाथ, मग गिरगाव चौपाटी. आणि इथे विल्सन कॉलेजच्या आसपास माझी मावशी.

पहिल्या वर्षी मला माहीत नव्हतं ती येणार आहे. मी आपली खाली मान घालून पाय ओढत चालले होते, आणि एकदम "अगं ए!" अशी हाक. बघते तर मावशी, बरोबर चाळीतल्या आणखी तीन बायका, एकीच्या हातात पितळी घंटा, देवघरातली. मावशीकडे तो जुना उभा स्टीलचा डबा, त्यात लिंबू-मीठ-साखरेचं पाणी, आणि पेला. मी म्हटलं मावशी थांबत नाही, टायमिंग जाईल. ती म्हणाली, "जाऊ दे कुठे जायचंय ते, दोन घोट घे आणि मग पळ." दोन घोट घेतले. सरबत थंड नव्हतं, मुद्दाम थंड केलेलं नव्हतं, दमल्यावर थंड पिऊ नये म्हणून. 2025 ला तर तिने माझ्या मागून येणाऱ्या सगळ्यांना पाजलं, डबा संपला तसा परत घरी जाऊन भरून आणला, दोन जिने चढून, सत्तराव्या वर्षी.

मरीन ड्राइव्हला उजेड व्हायला लागतो. जानेवारीत मुंबईत सूर्य सव्वासातच्या आसपास उगवतो, म्हणजे सव्वादोन-अडीच तासवाल्या माणसाला पहाट बरोबर मरीन ड्राइव्हवर भेटते. रात्रभर अंधारात पळून आल्यावर एकदम समुद्राला रंग येतो, करडा, मग निळसर. आणि ह्याच वेळेला समोरच्या बाजूने एलिट, म्हणजे जगातले अव्वल धावपटू, येतात. त्यांची मॅरेथॉन आपल्यानंतर सुटते. आधी गाड्या येतात, मोटरसायकली, आणि मग सात-आठ जणांचा घोळका, बारीक, उंच, आणि त्यांच्या बुटांचा आवाजच येत नाही. आम्ही एवढे धापा टाकत आणि ते जमिनीला पाय न लावता गेल्यासारखे. आपल्याकडचे सगळे टाळ्या वाजवायला लागतात, धावता धावता. 2024 ला त्यात इथिओपियाचा हायले लेमी होता, बोस्टन मॅरेथॉन जिंकलेला, त्याने 2023 ला मुंबईचा विक्रम केला 2 तास 7 मिनिटं 32 सेकंदांचा, आणि 2024 ला परत तोच जिंकला. जगातला असला धावपटू आपल्यापासून दहा-पंधरा फुटांवरून जातो आणि आपण त्याच शर्यतीचं बिब लावलेलं असतं. क्रिकेटमध्ये हे होईल का? वानखेडे तिथून जवळच आहे, पण आत मैदानात आपल्याला कुणी बॅट घेऊन सोडणार नाही.

आणि साताऱ्याच्या मुलींसाठी एक गोष्ट मुद्दाम लिहिते. आमच्या माण तालुक्यातल्या मोहीची ललिता बाबर ह्याच मुंबई मॅरेथॉनमध्ये भारतीय बायकांत पहिली यायची. तिथून ती स्टीपलचेसकडे, म्हणजे अडथळ्यांच्या शर्यतीकडे, वळली आणि 2016 ला रिओ ऑलिम्पिकच्या फायनलला पोचली, दहावी आली. पी. टी. उषानंतर बत्तीस वर्षांनी भारताची बाई ऑलिम्पिकच्या ट्रॅकवर वैयक्तिक शर्यतीची फायनल धावली, आणि ती दुष्काळी भागातली. मी मरीन ड्राइव्हवर दमले की तिचाच विचार करते, ह्याच रस्त्यावरून ती याच्या दुप्पट अंतर पळाली आहे.

शेवटचे तीन किलोमीटर लांब वाटतात. मरीन ड्राइव्ह सरळ आणि सपाट असल्यामुळे पुढचं सगळं दिसत राहतं आणि जवळ येत नाही. इथे पेसरला, म्हणजे ठरलेल्या वेळेत शर्यत संपवणाऱ्या वाटाड्याला, धरून राहा. पाठीला झेंडा लावलेले पेसर असतात, त्यावर वेळ लिहिलेली असते, मी 2025 ला अडीच तासाच्या पेसरच्या थोडी पुढे राहिले, तो शेवटपर्यंत आमच्याशी बोलत होता, "खांदे खाली, हात सैल, श्वास नाकाने", आणि स्वतः मात्र एकदाही दमलेला दिसला नाही. मग चर्चगेट, हुतात्मा चौक, दगडी इमारती दोन्ही बाजूंनी, आणि पुढे सीएसएमटीचा घुमट दिसला की मग कुणाचं काही दुखत नाही.

माझं टायमिंग 2024 ला 2 तास 38 मिनिटं, 2025 ला 2 तास 27. अकरा मिनिटं कमी झाली आणि मी तयारी काही फार वेगळी केली नव्हती. सी लिंकवर मुद्दाम सावकाश पळाले, प्रत्येक टेबलावर दोन-तीन घोट पाणी प्यायले, प्रत्येक दुसऱ्या टेबलावर इलेक्ट्रॉल, आणि डिसेंबरात पंधरा दिवस दुपारी अकराला, उन्हात, जाडा शर्ट घालून धावले, म्हणजे अंगाला घामाची सवय. आमच्यासारख्या घाटावरच्या लोकांनी हे कराच. एक सांगते, नुसतं पाणीच पाणी ढोसणंही वाईट, मीठ अंगातून जात असतं आणि वरून पाणी वाढत असतं, चक्कर येते. आमच्या ग्रुपमधल्या एकसष्ट वर्षांच्या काकांना तसंच झालं, त्यांना वाटलं उन्हाचं आहे, ऊन कुठे होतं सकाळी साडेसातला. डॉक्टरांच्या तंबूत तासभर झोपवलं, सलाईन न लावता नुसतं बघून सोडलं, आता बरे आहेत, पण घरच्यांना घाबरवलं त्यांनी. चाळिशीच्या पुढच्यांनी आधी डॉक्टरला दाखवून या, ईसीजी काढा, लाजू नका.

पैशाचं बोलायचं तर ही स्वस्तातली शर्यत नाही. बाहेरगावच्या माणसाला एंट्री, गाडीभाडं, एक-दोन रात्री राहणं असं धरलं तर आमच्याकडच्या शर्यतीच्या कितीतरी पट जातात. मावशी नसती तर मी दरवर्षी गेले असते का, खरं सांगायचं तर नसते गेले. पण एकदा नक्की गेले असते. पाण्याची टेबलं भरपूर, फिजिओचे स्प्रे घेऊन उभे असलेले व्हॉलंटिअर, कॉलेजची पोरं-पोरी पहाटे तीनपासून उभी, किलोमीटरचे फलक नीट. ह्या सगळ्याला पैसे लागतात ते दिसतात. दुसऱ्याचं बिब विकत घेऊन धावू नका एवढंच सांगते, लोक करतात, काही झालं तर डॉक्टरांकडे भलत्याच माणसाचं नाव आणि रक्तगट असतो.

संपल्यावर मेडल गळ्यात घालतात. मैदानात बसून बूट काढायचे, पाय वर करायचे, आणि मग लगेच उठायचं, जास्त वेळ बसलात की उठवत नाही. मी स्टेशनवर जाऊन वडापाव खाते, मिरचीसकट, आणि चहा. त्या दिवशी लोकलमध्ये मेडल घातलेली माणसं दिसतात, डब्यात कुणीतरी उठून जागा देतं. 2025 ला मला एका कोळिणीने जागा दिली, टोपली खाली ठेवून म्हणाली, "बस गो बाय, कितीक पळलीस?" मी म्हटलं एकवीस किलोमीटर, माहीमपासून. ती म्हणाली, "माहीमपासून? मी पण तिकडलीच." आणि मेडल हातात घेऊन उलटसुलट करून बघितलं, मग पदराने पुसून परत दिलं.

ज्यांना धावायचं नाही पण कुणी आपलं धावतंय म्हणून बघायला जाणार आहेत त्यांनी फिनिशला गर्दी करू नका, तिथे माणूस दिसतच नाही. पेडर रोडला चढावर उभे राहा, नाहीतर चौपाटीला, सव्वासहापासून आठपर्यंत. हातात संत्री घ्या, सोललेली. मीठ घ्या. आणि विल्सन कॉलेजजवळ घंटा ऐकू आली तर ती आमची मंडळी, डबा मोठा आणलाय ह्या वेळी.